फॉइलच्या पुडीतलं चिकन-भाजी: पावसाळ्यापासून वापरतेय, सविस्तर अनुभव

ओटीजी, म्हणजे विजेवरचा छोटा ओव्हन, घेऊन वर्ष होऊन गेलं पण त्यात केक आणि टोस्टच्या पुढे फारसं काही होत नव्हतं, मग गेल्या पावसाळ्यात चिकन आणि भाज्या फॉइलमध्ये बांधून भाजायला सुरुवात केली आणि ते आता आमच्याकडे आठवड्यातून एकदा तरी होतंच. बऱ्याच जणी विचारतात की खरंच सोपं आहे का, फॉइल चांगलं का वाईट, मटण शिजतं का, म्हणून सगळं एकदाच लिहून टाकते.

मूळ प्रकार अमेरिकेतला. कॅम्पिंगला जाणारे लोक आणि स्काउटची मुलं खिम्याची टिक्की, बटाटा, गाजर, कांदा असं फॉइलमध्ये गुंडाळून निखाऱ्यात ठेवतात, भांडं लागत नाही, प्रत्येकाचं पुडकं वेगळं. आपल्याला हे काही फार परकं नाही, रायगडकडे थंडीत पोपटी लावतात ती बघा, मडक्यात भांबुर्ड्याचा पाला, वालाच्या शेंगा, मीठ, ओवा, आणि केळीच्या पानात बांधलेलं चिकन, मडकं उपडं ठेवून बाहेरून जाळ करायचा. तत्त्व एकच, जिन्नस आपल्याच वाफेत शिजतो. पारशी लोकांची पात्रानी मच्छी पण तीच जात.

आमच्या घराला हे का मानवलं तर प्रत्येकाची पुडी वेगळी होते. सासऱ्यांना तिखट चालत नाही, मुलाला ढोबळी मिरची दिसली तरी नको असते, नवरा रात्री उशिरा येतो. मी चार पुड्या बांधते, सासऱ्यांच्या पुडीचा एक कोपरा दुमडते, मुलाच्या पुडीचे दोन, म्हणजे भाजल्यावर पण कुठली कोणाची ते कळतं. नवऱ्याची पुडी कच्ची बांधून फ्रीजमध्ये ठेवायची आणि तो सोसायटीच्या गेटपाशी आल्याचा फोन आला की आत सरकवायची, तो आंघोळ करून बसेपर्यंत तयार, फक्त फ्रीजमधली गार असते म्हणून पाच-सात मिनिटं जास्त. कढईत चार जणांच्या चार आवडी सांभाळणं जमत नाही, इथे जमतं, माझ्यासाठी हाच सगळ्यात मोठा फायदा आहे, भांडी कमी घासावी लागतात तो दुसऱ्या नंबरचा.

आता मुद्द्याचं. या पद्धतीत मसाल्यापेक्षा कापण्याला महत्त्व आहे आणि रेसिपीवाले नेमकं हेच घाईत उरकतात. चिकन 74 अंशाला खायला सुरक्षित होतं पण बटाटा, गाजर मऊ व्हायला त्यांच्या आतलं तापमान 85 च्या वर जाऊन तिथे थोडा वेळ टिकावं लागतं. म्हणजे दोन्ही एकाच आकाराचे कापले तर चिकन होऊन जातं आणि बटाटा कचकच लागतो, आणि बटाट्यासाठी थांबलं तर चिकन चोथा होतं. म्हणून बटाट्याच्या चकत्या 4-5 मिलिमीटरच्या, त्याहून जाड नाही, गाजर तिरकं आणि तेवढंच पातळ, फरसबी बोटाएवढी, आणि बोनलेस चिकनचे तुकडे चांगले दीड इंची. फ्लॉवरचे तुरे मध्यम. कांद्याच्या जाड चकत्या सगळ्यात खाली, तेल लावून, त्या थोड्या करपल्या तरी छान लागतात आणि बटाट्याला खालून चिकटू देत नाहीत. त्यावर बटाटा-गाजर, त्यावर चिकन, ढोबळी मिरची आणि मशरूम वर. दुधी, टोमॅटो, कोबी मी घालत नाही, इतकं पाणी सुटतं की सगळं उकडल्यासारखं होतं.

चिकन सांगताना दुकानात बोनलेस पण पायाचं सांगा, छातीचं नको. छातीचं मांस पाच मिनिटं जास्त झालं की कोरडं पडतं, पायाचं तेवढं सहन करतं. हाडासकटचं घेतलं तर 40-45 मिनिटं धरा आणि भाज्या त्या मानाने मोठ्या कापा.

मसाला आपला नेहमीचा. आलं-लसूण, हळद, तिखट, मीठ, थोडी धणेपूड, तेल, किंवा कोथिंबीर-मिरची-लसणाचं हिरवं वाटण, हे आमच्याकडे सगळ्यात जास्त चालतं. ओला मसाला बेताचाच, पुडीत पाणी कुठे जात नाही. दही लावायचं तर स्टीलच्या किंवा काचेच्या भांड्यात मुरवा, फॉइलमध्ये नाही, त्याचं कारण खाली येतंच आहे.

ओटीजी 200 अंशावर 10 मिनिटं आधी तापवते, पुड्या ट्रेवर मधल्या खाचेत, दोन्ही रॉड चालू. बोनलेसला 25 ते 30 मिनिटं. मग वरून पुडी उघडते आणि फक्त वरचा रॉड लावून 8-10 मिनिटं ठेवते, हे अजिबात गाळू नका. बंद पुडीत वाफ असते, त्यामुळे आतलं तापमान 100 च्या आसपासच अडकून राहतं आणि भाजल्याचा खमंगपणा यायला त्यापेक्षा बरंच जास्त लागतं. उघडल्यावर पाणी आटतं, कडा लालसर होतात, तेव्हा कुठे ते जेवण वाटतं. उघडताना चेहरा लांब ठेवून, आधी वर छोटी चीर द्यायची, ती वाफ खूप जोरात येते, मुलांना हे करू देऊ नका. स्वयंपाकाचा डिजिटल थर्मामीटर असेल तर फॉइलमधूनच सगळ्यात जाड तुकड्यात खुपसता येतो, पुडी सोडून बघायची गरज नाही.

बांधण्याबद्दल. आपल्याकडचं घरगुती फॉइल बहुतेक 11 मायक्रॉनचं असतं, ते पातळ आहे, गाजराच्या टोकाने पण फाटतं, म्हणून दुहेरी घ्यावं लागतं, 18 मायक्रॉनचं मिळालं तर एकेरीत भागतं. साधारण 45 सेंटिमीटर लांब तुकडा, जिन्नस मध्ये, लांब कडा वर जुळवून दोनदा दुमडायच्या, मग दोन्ही टोकं तशीच दुमडायची, पण वर बोटभर जागा मोकळी सोडायची वाफ फिरायला. चकचकीत बाजू आत का बाहेर यावर लोक वाद घालतात, काही फरक पडत नाही. कारखान्यात शेवटच्या लाटण्यात दोन पत्रे एकत्र जातात, रुळाला लागलेली बाजू चकाकते आणि एकमेकांना लागलेली मंद राहते, एवढंच आहे ते. आणि फॉइल रॉडला कुठेही टेकता कामा नये, तळाच्या चुऱ्याच्या ट्रेवर पण फॉइल अंथरू नका. आणि ओटीजीऐवजी मायक्रोवेव्ह ओव्हन असेल तर त्याच्या मायक्रोवेव्ह मोडवर फॉइल अजिबातच नाही, ठिणग्या उडतात.

आता फॉइल आरोग्याला कसं, हा प्रश्न सगळेच विचारतात. आंबट आणि खारट पदार्थ गरम असताना ॲल्युमिनियमला लागला की थोडा धातू अन्नात उतरतो, हे खरं आहे. युरोपच्या अन्नसुरक्षा संस्थेने 2008 मध्ये आठवड्याची मर्यादा दिली आहे, शरीराच्या दर किलोमागे 1 मिलिग्रॅम, म्हणजे 60 किलोच्या माणसाला सगळ्या अन्नातून मिळून आठवड्याला 60 मिलिग्रॅम. त्यामुळे घाबरून सोडून द्यायचं कारण मला दिसत नाही पण टोमॅटो, चिंच, लिंबू, व्हिनेगर, कोकम पुडीत घालत नाही, लिंबू ताटात पिळते. आणि दही लावलेलं चिकन असेल तर आत केळीचं पान घालते. पान गॅसवर दोन्ही बाजूंनी फिरवून शेकायचं म्हणजे मोडत नाही, मधला देठ काढून टाकायचा, त्यात जिन्नस बांधायचा आणि बाहेरून फॉइल. अन्न धातूला लागतच नाही, वास सुंदर येतो आणि बाहेरचं फॉइल पण एकेरी पुरतं कारण पान टोचणं अडवतं. पान नसेल तर बटर पेपर. मला विचाराल तर पानाची पुडी चवीला साध्या पुडीपेक्षा सरस आहे, चिकनला थोडी आणि माशाला खूपच.

मासा फार पटकन होतो. रावस किंवा सुरमईच्या तुकड्या 15 मिनिटांत, कोळंबी 10-12 मिनिटांत, त्यामुळे सोबत कच्चा बटाटा चालत नाही, उकडलेला घ्या नाहीतर कांद्याची पात, मशरूम, पातळ ढोबळी मिरची एवढंच.

मटणाचं मात्र स्पष्ट सांगते, तुकड्यांचं मटण यात करू नका. त्यातल्या चिवट भागाला मऊ व्हायला तास-दीड तास लागतो, तेवढ्यात भाज्यांचा लगदा होतो. कच्च्या पपईत मुरवून सुद्धा वरून मऊ आणि आत चामट असं होतं. मटण कुकरलाच चांगलं. खिमा मात्र उत्तम होतो, कांदा-कोथिंबीर-गरम मसाला मळून चपट्या टिक्क्या करायच्या, सोबत बटाटा-गाजर, 30 मिनिटं, आणि पाव. पुडीत जो रस्सा सुटतो तो पावाला लावून खाण्यासाठीच मुलगा ही पुडी मागतो.

ओटीजी नसेल तर खिमा आणि मासा जाड बुडाच्या कढईत, झाकण ठेवून, बारीक गॅसवर होतात, पुडी एकदा उलटायची. चिकन-बटाट्याला ते मी सुचवणार नाही, खालचा थर जळतो आणि वरचा थांबलेला असतो. एअर फ्रायरमध्ये मैत्रिणीकडे केलं होतं, होतं, पण दोनच पुड्या मावल्या.

खर्चाचं आणि कचऱ्याचं पण बघा. चार दुहेरी पुड्यांना साधारण साडेतीन मीटर फॉइल जातं, म्हणजे 9 मीटरचा छोटा रोल अडीच वेळांत संपतो, करायचंच असेल तर 72 मीटरचा घ्या. 1500 वॅटचा ओटीजी 40 मिनिटं सलग चालला तर 1 युनिट होतं आणि मध्ये थर्मोस्टॅट बंद होत असतो म्हणून त्यापेक्षा कमीच. पण साडेतीन मीटर फॉइल म्हणजे जवळपास 30 ग्रॅम ॲल्युमिनियम आणि एक किलो नवीन ॲल्युमिनियम बनवायला 14-15 युनिट वीज लागते, म्हणजे एका रात्रीच्या फॉइलमागे जवळजवळ अर्धा युनिट आधीच जळलेला असतो. जुनं वितळवून बनवायला याच्या 5 टक्के वीज पुरते, पण त्यासाठी ते भंगारात जायला हवं. तेलकट, चुरगळलेला तुकडा कोणी घेत नाही. मी धुवून, वाळवून, एकात एक दाबून मुठीएवढा गोळा करते आणि डब्यांबरोबर देते, तो आमचा भंगारवाला घेतो. केळीच्या पानामुळे फॉइल निम्म्यावर आलं आहे आणि ते स्वच्छही राहतं, हा पानाचा आणखी एक फायदा.

उरलं तर पुडीतच ठेवू नका, ओट्यावर तर नाहीच. 1994 मध्ये अमेरिकेत टेक्सासमधल्या एल पासोला एका हॉटेलात फॉइलमध्ये भाजलेले बटाटे तसेच गुंडाळलेले बाहेर राहिले, त्याचं डिप खाऊन 30 जणांना बोटुलिझम झाला, म्हणजे जंतूंच्या विषामुळे होणारी गंभीर अन्नविषबाधा. गुंडाळीत हवा जात नाही आणि ते जंतू तिथेच वाढतात. जेवण झालं की उरलेलं काचेच्या डब्यात काढून फ्रीजमध्ये, आणि स्टीलच्या डब्यावर फॉइलचं झाकण घालत असाल तर ते खारट रश्श्याला टेकू देऊ नका, दोन धातूंमुळे फॉइलला सकाळपर्यंत बारीक भोकं पडतात. दुसऱ्या दिवशी हेच चिकन-बटाटा बारीक करून, थोडं आंबट दही घालून पोळीत गुंडाळलं की मुलाचा डबा होतो.