आठवीच्या वर्गात सोप्या इंग्रजी गोष्टी: नऊ महिन्यांचा अनुभव

जूनमध्ये आठवीच्या वर्गासाठी मी सोप्या इंग्रजीतल्या गोष्टींची 40 पुस्तकं आणली. आता मार्च संपत आलाय. आमची शाळा बीड जिल्ह्यातल्या एका गावात, मराठी माध्यमाची. वर्गात 36 मुलं. राज्यात 2000 सालापासून पहिलीपासून इंग्रजी आहे, म्हणजे ही मुलं सात वर्षं इंग्रजी शिकून माझ्याकडे येतात. तरी धड्याबाहेरचा एक परिच्छेद समोर ठेवला की निम्म्याहून जास्त माना खाली जातात.

ही पुस्तकं शब्द मोजून लिहिलेली असतात. ऑक्सफर्ड बुकवर्म्स मालिकेत पहिल्या टप्प्याला 400 वेगवेगळे मूळ शब्द, दुसऱ्याला 700, तिसऱ्याला 1000. त्यातली काही मी घेतली. बाकीची ‘प्रथम बुक्स’ या प्रकाशन संस्थेच्या ‘स्टोरीव्हीवर’ या संकेतस्थळावरून छापून काढली. तिथे 2015 पासून चार पातळ्यांची चित्रपुस्तकं मोफत मिळतात, छापायची परवानगी आहे आणि बरीचशी मराठीतही आहेत.

पहिले दोन महिने माझ्या चुकीने वाया गेले. आठवीच्या पोरांना पहिल्या टप्प्याचं पुस्तक कसं द्यायचं, त्यांना कमीपणा वाटेल, असं वाटून मी सरळ 700 शब्दांची पुस्तकं वाटली. ऑगस्टमध्ये एका मुलीचं पुस्तक हातात घेतलं, तर एका पानावर पेन्सिलीने 19 मराठी अर्थ लिहिलेले. अक्षर सुरेख, मेहनत भरपूर. पण गोष्टीत काय झालं म्हणून विचारलं तर तिला काहीच सांगता येईना. ती वाचत नव्हती, शब्दकोश उतरवून काढत होती, आणि तसं करायला मीच शिकवलं होतं. कुणाच्या मदतीशिवाय गोष्ट नीट समजायची तर शंभरातले साधारण 98 शब्द ओळखीचे लागतात, असं या विषयावरचं संशोधन सांगतं. तिच्या पानाचं गणित त्याच्या आसपासही नव्हतं.

मग सगळी पुस्तकं गोळा केली आणि सगळ्यांना खालच्या पातळीवर आणलं. नियम एकच: कुठलंही पान उघडायचं, अडलेल्या प्रत्येक शब्दाला एक बोट दुमडायचं. मूठ वळली की पुस्तक परत पेटीत. अर्थ लिहायचे नाहीत, खालचे प्रश्न सोडवायचे नाहीत. रोज शेवटची 20 मिनिटं फक्त वाचायचं. चौथ्या दिवशी तीच मुलगी पुस्तकातून मान वर न करता म्हणाली, “सर, हे मला समजायलंय.” कमीपणा कुणालाच वाटला नाही. तो माझ्याच मनात होता.

पुस्तकाच्या पाठीवर 400 शब्द असं छापलेलं असतं, पण ते शब्द सोपे कुणाला, हे विचारायला हवं. हॉस्पिटल, स्टेशन, तिकीट, इंजिन, ड्रायव्हर हे शब्द आमच्या पोरांच्या कानावर लहानपणापासून आहेत. तिथे ती अडत नाहीत. अडतात ती गेट, पुट, टेक, गिव्ह या चिमुकल्या शब्दांवर. पुट म्हणजे ठेवणे, हे सगळ्यांना पाठ. गोष्टीत आलं, ‘ही पुट आउट द फायर’. एकाने अर्थ सांगितला, “त्यानं आग बाहेर ठेवली.” त्याच्या डोक्याने बरोबरच काम केलं होतं. मोजणारा पुट आणि आउट हे दोन सोपे शब्द धरतो. ते जोडीने आले की तिसराच अर्थ होतो, इथे विझवणे, आणि तो कुठल्याच यादीत नसतो. आता पुस्तक हातात देण्याआधी मी त्यातल्या अशा पाच-सहा जोड्या फळ्यावर मराठी अर्थासकट लिहितो. भाषांतर तेवढंच, त्यापुढे नाही.

मुकाट्याने वाचताना मुलं मनातल्या मनात चुकीचा उच्चार पक्का करतात, हेही लक्षात आलं. वॉक्डचं ‘वॉकेड’, नाइफचं ‘क्नाइफ’, आयलंडचं तर सर्रास ‘इसलँड’. ज्या गोष्टींचं ध्वनिमुद्रण मिळतं त्या मी मोबाइलला स्पीकर जोडून आधी ऐकवतो, मुलं ओळीखाली बोट फिरवतात. एकट्याने वाचणं त्यानंतर.

बदल दिसला तो लिहिण्यात. गो-वेन्ट-गॉन ही घोकंपट्टी पाचवीपासून चाललेली, पण वाक्यात मात्र कायम ‘आय गो यस्टरडे’. गोष्टी भूतकाळातल्या असतात. वेन्ट, सॉ, टुक, केम हे शब्द एकेका पुस्तकात वीस-वीस वेळा भेटतात. दिवाळीनंतर सुट्टीबद्दल पाच ओळी लिहायला सांगितल्या तर एकाने लिहिलं, ‘आय वेन्ट टु माय मावशी हाऊस. आय सॉ बिग वेल.’ मावशी आणि तिची मोठी विहीर मी तशीच राहू दिली. वेन्ट आणि सॉ त्याला कुणी सांगितलं नव्हतं, ते आपोआप आलं होतं.

सगळीच सोपी पुस्तकं चांगली नसतात. बाजारात स्वस्तात मिळणाऱ्या काही संक्षिप्त आवृत्त्यांमध्ये तीनशे पानांची कादंबरी चाळीस पानांत कोंबलेली असते आणि पहिल्या तीन पानांत दहा माणसांची नावं येतात. काहींनी वाक्यं आखूड करायच्या नादात ‘कारण’, ‘म्हणून’, ‘तरीही’ हे जोडणारे शब्दच काढून टाकलेत. तो घरी गेला. दार बंद होतं. तो रडला. आता का रडला, हे वाचणाऱ्याने शोधायचं. वाक्य लांबीला सोपं झालं, गोष्ट मात्र अवघड झाली. असली सहा पुस्तकं मी बाजूला काढली. एका संचाचं बाइंडिंग दोन महिन्यांत सुटलं, ते दाभणाने शिवून घेतलं. बर्फ आणि शेकोटीची धुरांडी असलेल्या गोष्टींपेक्षा बाजार, एसटी, शेळ्या असलेल्या गोष्टींचा माग मुलांना लवकर लागतो, एवढं मात्र नक्की.

दिवाळीनंतर आमच्याकडची माणसं ऊसतोडीला जातात. यंदा वर्गातली तीन मुलं आईबापाबरोबर गेली. जाताना प्रत्येकाच्या दप्तरात मी चार-चार पातळ पुस्तकं घातली. मायकेल वेस्ट नावाचे इंग्रज अधिकारी 1920 च्या दशकात ढाक्याला शिक्षण खात्यात होते. मोजक्या शब्दांची वाचनपुस्तकं त्यांनी बंगालमधल्या मुलांसाठी केली, आणि त्यामागे विचार हाच होता की पोरगं शाळा अर्ध्यावर सोडून गेलं तरी वाचता येणं त्याच्याबरोबर जावं. धडे, व्याकरणाचे तक्ते, स्वाध्याय हे सगळं वर्गातच राहतं. गोष्ट ऊसतोडीच्या कोपीपर्यंत, म्हणजे झोपडीपर्यंत जाते. तिघांतली एक मुलगी गेल्या आठवड्यात परत आली. चारही पुस्तकं तिने वाचली होती, त्यातलं एक धाकट्या भावाला मराठीत सांगितलंही होतं. पुस्तकांच्या कडा काजळीने काळ्या झाल्यात. ती मी पेटीत सगळ्यांत वर ठेवली आहेत.

कुणाला सुरुवात करायची असेल तर वेगवेगळी 40 घेऊ नका. 20 घ्या, प्रत्येकाच्या दोन प्रती. जोडीदाराने वाचलेलंच पुस्तक मुलांना हवं असतं, आणि दोघांनी एकच गोष्ट वाचली की मधल्या सुट्टीत तिच्यावर बोलणं होतं. परदेशी मालिकांची पुस्तकं महाग पडतात, ती थोडीच घ्या. बाकीची छापून, खाकी पुठ्ठा लावून शिवून घ्या. आणि जी पातळी योग्य वाटते तिच्याहून एक खालची निवडा. जूनमध्ये येणाऱ्या आठवीसाठी मी तशीच यादी केली आहे.