गोधडी, टाक, केसांचा दागिना की राखेचा हिरा: आठवणीची वस्तू घडवून घेण्यापूर्वी

दुःखातून वस्तू घडवणारा कारागीर अद्भुतकथेतला वाटतो. प्रत्यक्षात हा व्यवसाय जुना आहे आणि तो आजही चालतो. घरातले माणूस गेल्यावर त्याच्या कपड्यांची गोधडी, त्याच्या नावाने देवघरात पुजायचा चांदीचा टाक, केसांचा दागिना किंवा राखेतील कार्बनचा हिरा करून घेता येतो. यांपैकी काय निवडावे हे ठरवताना किंमत मी दुय्यम मानतो. त्या वस्तूत गेलेल्या माणसाचे नेमके काय उतरते आणि ती घरात पुढे कशी वागवली जाणार आहे, याचा विचार आधी व्हायला हवा.

हिऱ्याचे मात्र लगेच ठरवावे लागते. आपल्याकडे अस्थिसंचयन बहुधा तिसऱ्या दिवशी होते, थोड्याच दिवसांत नाशिकचे रामकुंड किंवा गावची नदी गाठली जाते आणि मग घरात काही उरत नाही. प्रचंड दाब व उष्णता वापरून कृत्रिम हिरा बनवण्यात अमेरिकेतील जनरल इलेक्ट्रिकच्या प्रयोगशाळेला १९५४ मध्ये यश आले. त्याच तत्त्वावर या शतकाच्या आरंभापासून अमेरिका आणि स्वित्झर्लंडमधील कंपन्या असे स्मृतिहिरे करून देत आहेत. राखेतील कार्बन वेगळा काढून त्याचे ग्रॅफाइट करतात आणि ते वातावरणाच्या सुमारे ५० ते ६० हजार पट दाबाखाली, १३०० ते १५०० अंश सेल्सिअसच्या आसपास ठेवतात. बोरॉनचा अंश राहिला तर हिरा निळसर होतो, नायट्रोजनचा राहिला तर पिवळसर.

खरी अडचण राखेतच आहे. दहनात शरीरातला बहुतेक कार्बन वायुरूपाने उडून जातो आणि मागे मुख्यतः हाडांमधले कॅल्शियम फॉस्फेट राहते. त्यातही राख लाकडाच्या चितेची असेल तर तिच्यात कोळशाचे कण मिसळलेले असतात, आणि मग हिऱ्यातला कार्बन आजोबांचा की आंब्याच्या ओंडक्याचा, हे कोणालाही छातीठोकपणे सांगता येणार नाही. विद्युतदाहिनीच्या राखेत ही भेसळ टळते. त्याहून चांगला कच्चा माल म्हणजे केस, कारण त्यांच्या वजनाचा जवळपास निम्मा भाग कार्बनच असतो आणि १ कॅरेटचा हिरा भरतो अवघा ०.२ ग्रॅम. तरीही तयार हिऱ्यात डीएनए नसतो, त्यामुळे तो आपल्याच माणसाचा आहे याला कंपनीच्या शब्दापलीकडे पुरावा मिळत नाही. साध्या प्रयोगशाळानिर्मित हिऱ्यांचे भाव अलीकडे बरेच उतरले आहेत. तेव्हा हा खर्च करणाऱ्याने पुनर्विक्रीची अपेक्षा ठेवू नये.

विश्वासाचा हाच प्रश्न केसांच्या दागिन्यांनाही पूर्वी भोवला. १८६१ मध्ये पती प्रिन्स आल्बर्ट वारल्यावर राणी व्हिक्टोरियाने १९०१ पर्यंत, म्हणजे स्वतःच्या मृत्यूपर्यंत, शोकवेष सोडला नाही. त्या काळात इंग्लंडमध्ये व्हिटबी गावच्या जेटचे (जीवाश्म झालेल्या काळ्या लाकडाचे) आणि मृताच्या केसांचे दागिने घालण्याची रीत फोफावली. स्वीडनच्या व्होमहुस गावच्या बायका तर केसांच्या विणकामासाठी परदेशी पायपीट करत. जवाहिऱ्या दुसऱ्याच कोणाचे केस वापरतो, असा संशय ग्राहकांना येऊ लागला, म्हणून हे काम घरच्या घरी शिकवणारी पुस्तकेही निघाली. केस फार टिकतात, त्यांना कसरीपासून जपले की झाले. आपल्याकडे हे विणकाम करणारा सापडणे अवघड आहे आणि अनेक घरांत मृताचे केस ठेवणे रुचणारही नाही. ज्यांना रुचते, त्यांनी काच बसवलेल्या लॉकेटमध्ये एक बट बंद करून घ्यावी.

टाकाचे गणित अगदी वेगळे आहे, कारण त्यात माणसाच्या देहाचे वा वापरातले काहीच नसते. चांदीचा पातळ पत्रा ठशावर दाबून त्यावर आकृती उठवतात आणि ती आकृती ठरीव असते: घोड्यावरचा वीर, उभी स्त्री, जोडपे. चेहरेपट्टी शोधू जाल तर निराशा होईल. टाकाला अर्थ येतो तो देवघरात खंडोबा-भवानीच्या शेजारी बसल्यावर, रोजच्या पूजेमुळे. नाशिककडे धुळवडीला वीरांचे टाक मिरवत गोदावरीवर नेतात, म्हणजे गेलेला पूर्वज वर्षातून एकदा घराबाहेरही पडतो. टाक झिजला की नवा करतात. मूळ वस्तू जपण्याचा आग्रह तेथे नाही. कारागिरी आणि खर्च दोन्ही आवाक्यातले आहेत, मात्र टाक केला की पूजा आणि नैवेद्य आलेच. ज्या घरात देवघर जेमतेम सांभाळले जाते, तेथे ही जबाबदारी अंगावर घेऊ नये. शिवाय देव बहुधा मुलाकडे जातात, त्यामुळे आईची आठवण लेकीला हवी असेल तर टाकाने ती गरज भागत नाही.

गोधडी लेकीलाही मिळते, सुनेलाही, आणि साड्या पुरेशा असतील तर चारही भावंडांना. माझा कल तिच्याकडे आहे, पण तीही डोळसपणे करून घ्यावी. नऊवारी सुती लुगडे सुमारे सव्वाआठ मीटरचे असल्याने एकाच लुगड्याच्या घड्यांतून कित्येक थर मिळतात, आणि वापरून मऊ झालेले कापड नव्यापेक्षा चांगले बसते. सिंथेटिक साडी सुईखाली निसटते व अंगाला गरम होते. रेशमी साडी घडीवर विरते आणि तिचे जरीचे काठ टोचतात, म्हणून पैठणीचा तुकडा वरच्या बाजूला ठिगळासारखा लावून खाली सुती थर द्यावेत. शिवायला देण्यापूर्वी काठ, पदर कुठे यावेत आणि कापायचे नाही असे कोणते वस्त्र आहे, हे शिवणारीला स्पष्ट सांगावे. कात्री चालल्यावर तक्रारीला अर्थ नसतो. यंत्रावरची शिलाई लवकर होते, पण हाताच्या धावदोऱ्याने कापडाला येणारी बारीक चुणी तिच्यात येत नाही, आणि पश्चिम महाराष्ट्रात वाकळ, म्हणजे गोधडीच, शिवणाऱ्या बायकांचे कसब त्या चुणीतच दिसते. हाताच्या कामाला काही आठवडे लागतील हे धरून चालावे.

दोन गोष्टी मात्र मान्य कराव्या लागतात. कापडाला असलेला माणसाचा वास पहिल्या धुण्यात जातो आणि पांघरलेली गोधडी काही वर्षांनी विरते. कपाटात ठेवली तर टिकेल, पण मग साडीच घडी घालून ठेवलेली काय वाईट? काही घरांत मृताचे कपडे तेराव्यानंतर देऊन टाकण्याची रीत असते, म्हणून वडीलधाऱ्यांशी आधी बोलून दोन-तीन लुगडी बाजूला काढावीत. गोधडी शिवण्याचा निर्णय वर्षश्राद्धानंतर घेतला तरी चालतो. हिऱ्याचा विचार मनात अगदी थोडाही असेल, तर अंत्यविधीपूर्वी केसांची एक बट कापून कोऱ्या कागदाच्या पुडीत, नाव-तारीख लिहून ठेवावी, म्हणजे राखेसाठी घाई करावी लागत नाही.