कोर्जाईच्या खाडीवरची गोधडी: झोप लागते, पण तिथी बघून

आमची कुडाळला पिठाची गिरणी. साडेसात हॉर्सपॉवरची मोटर, दोन चक्क्या, बावीस वर्षं. गणपतीच्या आधी मोदकांचं पीठ आणि एरवी वड्यांचं पीठ असा घरघराट सकाळी आठपासून चालू. मला सवय झाली, सासूबाईंना नाही. रात्री गिरणी बंद असली तरी त्यांच्या कानात ती फिरतच असते. त्यात मागून कोकण रेल्वे. मालाचे ट्रक पाठीवर घेऊन जाणारी रो-रो गेली की खाटेखालचा तांब्या वाजतो.

म्हणून गोधडीत शांतता शिवून देणाऱ्या आजोबांकडे गेले. परुळ्याहून कोर्जाईला उतरलात की कर्ली खाडी लागते, समोर देवबाग. धक्क्याच्या अलीकडे जांभ्याची एक खोली आहे. वेळेची पाटी नाही. दारावर खडूने लिहिलंय, 'पाणी फिरल्यावर उघडेल'. भरती रोज साधारण 50 मिनिटं उशिरा येते, म्हणून दुकानही तसंच. मी पहिल्यांदा अकराला गेले आणि दीडपर्यंत पायरीवर बसले. तेवढं सोडा, बसायला चांगली जागा आहे.

खाडी पूर्ण भरली की पाणी फिरायच्या आधी थोडा वेळ थांबतं. ना आत, ना बाहेर. नेमका तेव्हा आजोबा होडीतून पाग, म्हणजे फेकायचं जाळं, टाकतात आणि जे येतं ते फणसाच्या लाकडाच्या पेटीत ठेवतात. दिसायला काहीच नाही. मला वाटलं, फसवतायत. मग त्यांनी पेटीत हात घालून काहीतरी ओढून फळीवर पसरलं आणि कात्री चालवली. चांगली लोखंडी कात्री, पाती एकमेकांवर घासताना दिसली, आणि आवाज नाही. बाहेर कोंबडा ओरडत होता तो ऐकू येत होता, फळीवरची कात्री नाही. मी मुद्दाम फळीवर बांगड्या आपटल्या. हातालाच लागलं.

"गप बसलेली शांतता सगळ्यांका गावता," आजोबा म्हणाले. "कापूक जमाक व्हयी."

माल दोन प्रकारचा. पौर्णिमा-अमावास्येच्या उधाणात पाणी जोरात येतं आणि लगेच फिरतं, त्यामुळे तो माल पातळ, हाताला 300 रुपये. अष्टमीच्या भांगाच्या भरतीला ओढ कमी असते, पाणी जास्त वेळ थांबतं. तो माल जाड, 450. मी अष्टमीचा घेतला, पाच हात. शिलाईचे 400 वेगळे, एकूण 2650. कापड आपलं न्यायचं, घरात वापरून मऊ झालेलं. नवं कापड चालत नाही, शांतता त्यातून गळते म्हणतात. मी सासूबाईंची दोन जुनी लुगडी दिली. टाके मात्र बघण्यासारखे. जाळं विणायच्या सुईने घातलेत, पण इतके बारीक की आमच्या शिंपिणीला दाखवले तर ती उलटसुलट करून बघत बसली.

तक्रार पहिली, उशीर. मी जूनच्या सुरुवातीला ऑर्डर दिली. 1 जून ते 31 जुलै यांत्रिक मासेमारी बंद, इंजिनं गप्प, म्हणजे माल भरपूर निघणार असा माझा हिशेब. खुळी मी. "पावसात शांतता नसता, पाऊस असता," एवढंच उत्तर. गोधडी मिळाली दिवाळीनंतर. त्यात चिपीला विमान उतरायच्या वेळी भरती आली तर तो दिवस फुकट, असंही कळलं. हे आधी सांगायला काय जातं?

तक्रार दुसरी मोठी आहे, आणि ती कुणीच सांगत नाही. सासूबाई पहिल्या रात्री अशा झोपल्या की सकाळी मी नाकाशी बोट धरून बघितलं. तिसऱ्या रात्री मात्र तीनच्या सुमारास दचकून उठल्या. चौथ्या रात्री पावणेचारला. मग माझ्या डोक्यात उजेड पडला. तिकडे खाडी भरून थांबली की गोधडीतली शांतता चार-पाच मिनिटं माहेरी जाते. तेवढ्यात रो-रो, कुत्री, माझ्या नवऱ्याचं घोरणं, सगळं एकदम आत. आजोबांना विचारलं तर हसले. "मगे? ती खाडीचीच मां."

आता उशाशी कालनिर्णय आहे. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ अंदाजे निघते. चतुर्थीला तीन, पंचमीला पावणेचार. एकादशीला सव्वाआठ, तेव्हा मालिकाच चालू असते, त्यामुळे हरकत नाही. सासूबाई आता त्या वेळेला आधीच उठून पाणी पितात आणि परत झोपतात. त्यांची काही तक्रार नाही. तक्रार माझी आहे, पैसे मी दिलेत.

आणखी दोन गोष्टी. ही गोधडी स्वयंपाकघराजवळ वाळत घालू नका. माझ्या कुकरच्या शिट्ट्या तिने गिळल्या आणि डाळ तळाला लागली. दुसरं, लहान मुलावर अजिबात घालू नका. रडलेलं ऐकू येणार नाही. धुवायची तर नाहीच, सकाळच्या कोवळ्या उन्हात धरायची.

पाचात साडेतीन देईन. अर्धा उशिरासाठी कापला, एक त्या माहेरपणासाठी.

फोन करून जाऊ नका. आजोबा फोन उचलतात, पण तो त्या पेटीवरच ठेवलेला असतो, पलीकडून काही ऐकू येत नाही. आपणच बोलायचं आणि ठेवायचं. मी परवा तसंच केलं. दुसरी गोधडी सांगितली, माझ्या विरलेल्या पातळाची, तीन हात, अष्टमीचीच. पोचलं की नाही, ते जाऊनच कळेल.