मनाई हुकूम मोडला तर: २-अ की पोलीस संरक्षण?

शेतरस्त्याचा किंवा बांधाचा दावा चालू आहे, तात्पुरता मनाई हुकूम हातात आहे आणि तरी समोरचा जुमानत नाही, अशांसाठी हे लिहितोय.

मुख्य वाटा दोन. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम २-अ खाली अर्ज केला तर हुकूम मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त होऊ शकते, तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही होऊ शकते. किंवा त्याच कोर्टात, त्याच संहितेच्या कलम १५१ खाली पोलीस संरक्षण मागायचं.

कागदावर २-अ भारी वाटतो. त्याचा धाकही असतो. नोटीस गेली की भाऊबंदांचा आवाज जरा खाली येतो. पण हुकूम मोडला हे सिद्ध करावं लागतं. समोरच्याचं लेखी म्हणणं, पुरावा, उलटतपास, तारखा. आमच्या रावेर-यावलकडे केळी तारखेसाठी थांबत नाही. घड भरलाय, व्यापाऱ्याची गाडी आलीय आणि चुलत भावाने वाटेत ट्रॅक्टर आडवा लावलाय. त्याला पुढेमागे शिक्षा झाली काय नि न झाली काय, झाडावर पिवळ्या पडलेल्या घडाला व्यापारी हात लावत नाही.

मग ठाण्यात जावं, तर खरा वैताग तिथे. मनाई हुकमाची नक्कल हवालदाराने पुढून-मागून वाचली आणि परत दिली. "भाऊ, दिवाणी मॅटर आहे. यात आम्हाला काय सांगितलंय?" चिडायचीही सोय नव्हती, कारण साधा मनाई हुकूम प्रतिवादीला असतो, ठाण्याला उद्देशून त्यात ओळ नसते. १५१ च्या हुकमात तीच ओळ येते. तो कागद नेल्यावर त्याच टेबलावरचा प्रश्न होता, "गाडी किती वाजता लावताय?"

अर्थात हेही फुकट नाही. बंदोबस्ताचा खर्च बहुधा अर्जदाराच्याच माथी बसतो. गणपती किंवा निवडणूक आली की माणसं मिळत नाहीत. आणि ताबाच वादात असेल तर कोर्ट हात आखडता घेतं. अर्जात मोघम 'संरक्षण द्यावे' एवढ्यावर भागवू नका. ठाण्याचं नाव, गट नंबर, रस्ता कोणत्या बांधावरून जातो, काम कापणीचं की वाहतुकीचं, सगळं वकिलांकडून लिहून घ्या.

रस्ता नुकताच अडवला असेल तर तहसीलदाराकडे मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ चं कलम ५ आहेच, मात्र अडवल्यापासून सहा महिन्यांच्या आत. उच्च न्यायालयाच्या छत्रपती संभाजीनगर खंडपीठात रिट याचिका मी तरी शेवटी ठेवीन.

दोन्ही अर्ज एकत्र करायलाही हरकत नसते, वकिलांना विचारा. पण सातबारा आणि पीक पाहणीत तुमचा ताबा स्वच्छ दिसत असेल, तर मी आधी १५१ लावेन. तिथे खोट असेल तर वकील २-अ सुचवतील, आणि त्यांचं चुकतंय असं मी म्हणणार नाही.