‘राशोमोन’ बघू की ‘माहिरू नो आन्कोकू’?

खुनाच्या खटल्यावरचा जुना जपानी सिनेमा सुचवा म्हटलं की ज्याच्या त्याच्या तोंडी अकिरा कुरोसावांचा ‘राशोमोन’ (१९५०). चांगलाच आहे, वाद नाही. पण तुम्हाला कोर्ट बघायचं असेल तर तादाशी इमाईंचा ‘माहिरू नो आन्कोकू’ (१९५६), म्हणजे ‘भर दुपारी अंधार’, याचाही विचार करा. गंमत म्हणजे दोन्हींच्या पटकथेत शिनोबू हाशिमोतोंचा हात आहे.

‘राशोमोन’मध्ये न्यायाधीश दिसत नाही, त्याचा आवाजही येत नाही. साक्षीदार अंगणात बसून थेट आपल्याकडे बघत बोलतात. विचारलेला प्रश्नही मध्येच स्वतःच उच्चारतात. म्हणजे निवाड्याला आपण बसलेलो. दरोडेखोर, सामुराईची बायको आणि देवऋषीणीच्या अंगात येऊन बोलणारा मेलेला सामुराई... कुणीच हात झटकत नाही, उलट जो तो ते मरण स्वतःकडे ओढून घेतो! निकाल काय लागला ते शेवटपर्यंत कळत नाही. निकाल लागल्याशिवाय ज्यांना झोप येत नाही, त्यांनी आधीच सावध व्हावं.

इमाईंकडे कोड्याला जागाच नाही. गोष्ट खऱ्या खटल्यावर बेतलेली: १९५१, यामागुची प्रांत, एका म्हाताऱ्या जोडप्याचा खून. खुनी लगेच सापडतो, पण हे एकट्याचं काम नव्हे असं पोलिसांनी ठरवून टाकलेलं. मग तो चार ओळखीच्यांची नावं घेतो आणि त्या चौघांना बदडून कबुलीजबाब लिहून घेतले जातात. कोठडीतले हे प्रसंग लांबतात, अंगावर येतात. तरी उठू नका, कारण पुढे बचावाचा वकील सरकारी पक्षाची गोष्ट जशीच्या तशी मांडतो आणि पडद्यावर पाचही जण ठरल्या वेळेत खून उरकायला मूकपटातल्यासारखे तुरुतुरु पळत सुटतात. आधी हसू फुटतं, मग लक्षात येतं की याच गोष्टीवर एकाला फाशीची शिक्षा झालीय.

एकच संध्याकाळ हाताशी असेल तर ‘राशोमोन’ लावा. दीड तासात संपतो आणि सहज मिळतो. ‘माहिरू’ शोधावा लागतो, दोन तासांचा आहे, तरी माझं मत त्यालाच. शेवटी तुरुंगाच्या गजांआडून आरोपी आईला ओरडून सांगतो, “अजून सर्वोच्च न्यायालय आहे!” सिनेमा लागला तेव्हा खरा खटला तिथेच पडून होता. ते चौघे निर्दोष सुटले १९६८ मध्ये.