हॅमविना क्रोक-मस्यू : कोणते चीज, कोणते सारण?

क्रोक-मस्यू हे १९१० च्या सुमारास पॅरिसच्या कॅफेंत रुळलेले भाजके सँडविच आहे. चौकोनी पांढऱ्या पावाच्या दोन कापांमध्ये उकडलेल्या हॅमची (डुकराच्या मांडीच्या खारवलेल्या मांसाची) चकती आणि ग्रुयेर किंवा एमेंताल चीज घालायचे, वरच्या कापावर बेशामेल हा दूध-मैद्याचा पांढरा सॉस पसरायचा, त्यावर पुन्हा किसलेले चीज भुरभुरायचे आणि तांबूस डाग पडेपर्यंत ते वरच्या आचेखाली भाजायचे, एवढीच त्याची कृती. नावातल्या ‘क्रोके’ या क्रियापदाचा अर्थ कुरकुर आवाज करीत चावणे असा आहे आणि शाकाहारी रूप करू गेल्यावर पहिल्यांदा हातून निसटतो तो नेमका हाच कुरकुरीतपणा, कारण हॅमच्या जागी येणारी बहुतेक प्रत्येक भाजी हॅमपेक्षा जास्त पाणी सोडते.

हे सँडविच घरी करून पाहण्याच्या विचारात असलेल्या वाचकाला दोन निवडी कराव्या लागतात. एक चीजची आणि दुसरी सारणाची. बहुतेक जण सारणापासून सुरुवात करतात. माझ्या मते चीजचा निर्णय आधी घ्यावा, कारण हॅम काढल्यानंतरही हा पदार्थ शाकाहारी झाला की नाही, हे चीजवर ठरते.

चीज घट्ट बसवण्यासाठी दुधात रेनेट घालतात. पारंपरिक रेनेट वासराच्या चौथ्या जठरातून मिळते. स्वित्झर्लंडचे संरक्षित नावाचे ग्रुयेर, फ्रान्सचे कोंते आणि इटलीचे पार्मेजान या तिन्ही चीजच्या नियमांतच प्राणिज रेनेट बंधनकारक आहे, म्हणून या नावांचे ‘शाकाहारी’ रूप शोधण्यात वेळ घालवण्यात अर्थ नाही. फ्रान्समधला शाकाहारी माणूस सहसा या प्रश्नाकडे फारसे लक्ष देत नाही, आणि तो अंडेही खातो. त्यामुळे पॅरिसच्या एखाद्या कॅफेत शाकाहारी म्हणून जे क्रोक मिळते, त्यातले हॅम गेलेले असते, पण चीज बहुधा तेच राहिलेले असते. तिथे राहणाऱ्या मराठी कुटुंबांनी दुकानातल्या पाकिटावरील घटकांची यादी वाचावी, हे उत्तम. ‘प्रेझ्युर’ हा शब्द दिसला तर ते प्राणिज रेनेट समजावे, आणि ‘कोआग्युलाँ मिक्रोबियें’ असे लिहिले असेल तर बुरशीपासून केलेले. भारतात विकत घेताना पाकिटावरचा हिरवा ठिपका पाहिला की काम भागते. अमूलसारख्या देशी उत्पादकांचे चीज सूक्ष्मजीवांपासून मिळवलेल्या रेनेटनेच केलेले असते.

आता चवीचा आणि वितळण्याचा भाग. ग्रुयेरला किमान पाच महिने मुरवलेले असते आणि त्यामुळे त्याला सुक्यामेव्यासारखी खमंग, किंचित गोडसर चव येते. ते एकसारखे वितळते आणि वरच्या आचेखाली सुंदर डाग धरते. त्याच्या जागी आपल्याकडचे साधे प्रोसेस्ड चीज घातले, तर वितळण्याची अडचण येत नाही, कारण त्यात मिसळलेले क्षार तूप सुटू देत नाहीत. मात्र चव एकसुरी खारट लागते आणि वरचा थर खरपूस होण्याऐवजी चामड्यासारखा ताणला जातो. मोझरेलाची तार छान निघते, म्हणून पुष्कळ लोक तेच वापरतात. पण ते ओलसर आणि अगदी सौम्य असते, आणि पिझ्झ्याची आठवण करून देणारे क्रोक खाण्यापेक्षा पिझ्झाच करावा हे बरे. मुरलेल्या चेडरला धार असते, तरी एकटे वापरल्यास आच थोडी जास्त झाली की त्याचे तेल सुटते. माझा कौल मिश्रणाला आहे. सूक्ष्मजीवी रेनेटचे एमेंताल किंवा गाउडा दोन भाग आणि मुरलेले चेडर एक भाग, असे दोन सँडविचना मिळून सुमारे १२० ग्रॅम चीज किसून घ्यावे. ग्रुयेरचा खमंगपणा यातून पूर्ण येत नाही हे मान्य करावे लागते, पण एमेंतालची गोडी आणि चेडरची धार मिळून त्याच्या बरेच जवळ जाता येते. पनीरचा विचार चीजच्या जागी करू नये. ते आम्लाने फाडलेल्या दुधाचे असल्यामुळे वितळत नाही. सारणाच्या जागी मात्र ते चालते, त्याकडे पुढे येतो.

सारण निवडण्यापूर्वी हॅम या सँडविचमध्ये नेमके काय करत होते, हे पाहिले पाहिजे. एका चकतीमागे पाऊण ग्रॅमच्या आसपास मीठ, मांसाच्या प्रथिनांची ती जिभेवर रेंगाळणारी गोडसर-खारी चव, आणि मऊ चीजच्या थरात दाताला लागणारा थोडा चिवटपणा, असे तिहेरी काम ते करते. धुराचा वास मात्र त्यात नसतो, कारण ‘पॅरिसचे हॅम’ उकडलेले असते, धुरावलेले नसते. म्हणून शाकाहारी क्रोकमध्ये धूर असलाच पाहिजे असा जो समज आहे, तो मुळाला धरून नाही. धूर आवडत असेल तर तो आपल्या आवडीसाठी घालावा.

या तिन्ही कामांना पुरी पडणारी भाजी एकच आहे आणि ती म्हणजे मशरूम. बाजारात मिळणाऱ्या पांढऱ्या बटण मशरूमला फ्रेंचमध्ये ‘शांपिन्याँ द पारी’ म्हणजे पॅरिसचे मशरूम म्हणतात, कारण एकोणिसाव्या शतकात पॅरिसभोवतालच्या जुन्या दगडखाणींच्या भुयारांत त्यांची लागवड होत असे. पॅरिसच्या हॅमच्या जागी पॅरिसचेच मशरूम यावे, हा योगायोग मला आवडतो. पण ते निवडण्याचे कारण चवीचे आहे. मशरूममध्ये ग्लुटामेट भरपूर असते आणि मांसाची आठवण करून देणारी चव त्यातूनच येते. अडचण पाण्याची. मशरूमच्या वजनाचा नव्वद टक्क्यांहून अधिक भाग पाणी असतो, आणि ते कढईत न आटवता पावात घातले तर ते पावातच उतरते. दोन सँडविचसाठी २०० ग्रॅम मशरूमचे काप रुंद तव्यावर, तेल-तूप न घालता, मोठ्या आचेवर टाकावेत. आधी पाणी सुटते, मग ते आटते, आणि तवा चुरचुरायचे थांबून काप कडेने तांबूस व्हायला लागले की मगच चमचाभर लोणी, मीठ आणि मिरपूड घालावी. याला आठ-दहा मिनिटे लागतात आणि शेवटी मूठभरच ऐवज उरतो. पाव चमचा सोया सॉस घातला तर हॅमचा खारेपणा भरून निघतो. शुद्धतावाद्यांनी नाके मुरडली तरी मी तो घालतो.

पालक हा मशरूमच्या खालोखालचा पर्याय. फ्रेंच स्वयंपाकात पालक आणि चीज घातलेल्या बेशामेलच्या जोडीला ‘फ्लोरेंतीन’ असे जुने नाव आहे, त्यामुळे या सँडविचमध्ये पालक परका वाटत नाही. चव मात्र वेगळी येते. पालकाने हॅमची उणीव भरून निघत नाही, त्याऐवजी सँडविच दुधाळ आणि सौम्य होते. लहान मुलांना आणि कमी मीठ खाणाऱ्यांना ते जास्त रुचते. वाफवलेला पालक मुठीत धरून घट्ट पिळला आणि नंतर चिरला नाही, तर मात्र सगळे श्रम वाया जातात.

टोमॅटोच्या चकत्या घातलेल्या क्रोकला फ्रान्समध्ये ‘प्रोव्हांसाल’ म्हणतात. चकत्यांना मीठ लावून अर्धा तास निथळू दिल्या नाहीत, तर हा सर्वांत ओला प्रकार ठरतो. आंबटपणामुळे जड सॉस थोडा हलका लागतो, हे त्याच्या बाजूचे. वांग्याविषयी मात्र मी सावध करीन. विस्तवावर भाजलेल्या वांग्याला धुराचा सुरेख वास असतो, म्हणून भरताचा गर भरण्याचा मोह होतो, आणि मग मऊ पावात मऊ गर, त्यावर मऊ सॉस असा दाताला कुठेच काही न लागणारा प्रकार तयार होतो. वांगे घालायचेच असेल तर अर्ध्या सेंटीमीटरच्या चकत्या करून, तेलाचा हात लावून, दोन्ही बाजूंनी खरपूस भाजलेल्या घालाव्यात.

ज्यांना हॅमची खाऱ्या, चिवट चकतीसारखी जाण हवी आहे, त्यांच्यासाठी टोफू किंवा पनीर हा पर्याय उरतो. स्मोक्ड टोफू युरोपातल्या सेंद्रिय दुकानांत सहज मिळतो. पातळ काप करून नुसता गरम केला की झाले. आपल्याकडे घट्ट पनीरच्या तीन-चार मिलिमीटर जाडीच्या चकत्या लिटरभर पाण्यात ५० ग्रॅम मीठ या प्रमाणाच्या पाण्यात तासभर बुडवून ठेवाव्यात, कोरड्या कराव्यात आणि हवा असेल तर पातेल्यात वाटीत निखारा ठेवून, त्यावर तुपाचा थेंब टाकून, झाकण लावून तीन-चार मिनिटे धुंगार द्यावा. जैन पाहुण्यांसाठी मी हाच पर्याय निवडीन, कारण त्यांच्याकडे मशरूम आणि वांगे दोन्ही चालत नाहीत. वनस्पतिजन्य ‘हॅम’च्या तयार चकत्यांनी काम सर्वांत झटपट होते आणि चवही मूळच्या जवळ जाते. मात्र काही ब्रँडच्या चकत्यांत बंधक म्हणून अंड्याचा पांढरा भाग असतो, त्यामुळे अंडे न खाणाऱ्यांनी तिथेही यादी वाचावी. अंड्याचाच विषय निघाला म्हणून सांगतो, वर तळलेले अंडे ठेवले की या सँडविचचे नाव ‘क्रोक-मादाम’ होते. बेशामेलमध्ये अंडे मुळीच नसते.

पावाबद्दल फार सांगण्यासारखे नाही. कारखान्यात केलेला चौकोनी सँडविच ब्रेड चालतो, फक्त तो सेंटीमीटरभर तरी जाड असावा आणि सारण भरण्याआधी दोन्ही बाजूंनी कोरडाच शेकून घ्यावा. ब्रियॉश टाळावा. तो गोड असतो आणि त्यात अंडीही असतात.

सॉसचे प्रमाण बदलावे लागते. मूळ हॅमच्या सँडविचला २० ग्रॅम लोणी, २० ग्रॅम मैदा आणि २५० मिली दूध पुरते. भाजीच्या सारणाला मात्र लोणी व मैदा प्रत्येकी २५ ग्रॅम घेऊन तेवढ्याच दुधात सॉस जाडसर करावा आणि तो चमच्याच्या पाठीवर थर धरून राहिला की मगच विस्तवावरून उतरवावा. जायफळ किसून घालणे मी अनिवार्य मानतो. पावाच्या आतल्या बाजूला लावण्यासाठी दिजाँची मोहरी, म्हणजे बाटलीत तयार मिळणारा मोहरीचा फ्रेंच लेप वापरतात. ती न मिळाल्यास लोणच्यात किंवा कोशिंबिरीत घालतो तशी मोहरी फेसून, तिच्यात व्हिनेगर आणि किंचित साखर मिसळून घ्यावी. ती दिजाँपेक्षा नाकात जास्त चढते, म्हणून प्रमाण निम्मे ठेवावे.

राहता राहिली भाजण्याची पद्धत. वरून तापणारी सळई असलेला ओव्हन असेल तर २०० अंशांवर आठ-दहा मिनिटे आणि मग दोन मिनिटे नुसत्या वरच्या आचेवर, अशी वेळ धरावी. वरचा सॉस ज्या तऱ्हेने फुगून तपकिरी होतो, ते दुसऱ्या कोणत्याही साधनाने साधत नाही. मुंबईच्या टोस्ट सँडविचसाठी गॅसवर धरतात तसा बंद टोस्टर अनेक घरांत असतो. फ्रान्समध्येही या सँडविचसाठी असेच बंद यंत्र घरोघरी वापरले जाते, त्यामुळे त्याला कमअस्सल म्हणण्याचे कारण नाही. पण त्यात सॉस वर पसरता येत नाही, तो जाडसर करून आत लावावा लागतो, आणि दाबामुळे ओले सारण कडेने बाहेर येते. टोस्टर वापरणाऱ्याने टोमॅटो व पालक बाजूला ठेवून मशरूम किंवा पनीर घ्यावे. दोन्ही साधने नसतील तर जाड तव्यावर बाहेरून लोणी लावून, अगदी मंद आचेवर, झाकण ठेवून दोन्ही बाजू भाजाव्यात आणि झाकणावर जमलेली वाफ दर मिनिटाला पुसून टाकावी, नाहीतर तेच पाणी परत पावावर ठिबकते.