पोयाइस: नसलेल्या देशातली जमीन

मध्य अमेरिकेच्या किनाऱ्यावर पोयाइस नावाचा देश कधीच नव्हता, हे आज सांगायला सोपं आहे. १८२२ मध्ये स्कॉटलंडात एडिंबरो, ग्लासगोला त्याची जमीन विकणारी कार्यालयं होती, नकाशे होते, साडेतीनशेहून अधिक पानांचं माहितीपुस्तक होतं. लंडनच्या बाजारात ६ टक्के व्याजाने २,००,००० पौंडांचं कर्जही उभारलं गेलं. एवढं पाहून भुललेल्या चांभार-कारकुनांना मूर्ख म्हणणाऱ्यांचा संताप येतो.

हा देश रचणारा स्कॉटिश सैनिक ग्रेगर मॅकग्रेगर व्हेनेझुएलाच्या स्वातंत्र्ययुद्धात खरोखर लढला होता. त्या किनाऱ्यावरच्या मॉस्किटो लोकांच्या राजाने दिलेला ८० लाख एकर जमिनीचा कागदही होता. राज्य तेवढं त्याने स्वतः जोडलं. एक कागद खरा निघाला म्हणून बाकीचे तपासायचे सोडू नका.

भाव आधी एकरी २ शिलिंग ३ पेन्स, पुढे ४ शिलिंग. चढता भाव दाखवून घाई करणाऱ्यासमोरून उठा.

खटकायला हवं होतं ते जानेवारी १८२३ मध्ये, एडिंबरोजवळच्या लीथ बंदरात. पहिलं जहाज सप्टेंबरात गेलं होतं, त्याची खबर यायच्या आत दुसरं भरलं. आणि मॅकग्रेगरने लोकांचे साठवलेले पौंड घेऊन पोयाइसचे डॉलर हातावर ठेवले, स्कॉटलंडमध्येच छापलेले! तिथेच उतरायला हवं होतं. पण त्याने बायकामुलांचं भाडं माफ केलं, आणि जयजयकार झाला.

ब्लॅक रिव्हर नदीच्या मुखाशी पुस्तकातली राजधानी सेंट जोसेफ नव्हतीच. होतं दाट जंगल आणि जुन्या वसाहतीचे अवशेष. वर्षाला मक्याची तीन पिकं म्हणे, पेरणार कोण? कुऱ्हाड चालवणारे थोडे, लेखणीवाले फार. पहिल्या जहाजाला वादळाने समुद्रात ओढून नेलं. धड छप्पर उभं राहण्याआधी पाऊस, मग डास, हिवताप, पीतज्वर. राजघराण्याचा चांभार म्हणून नेमलेल्या माणसाने स्वतःवर गोळी झाडली. मे महिन्यात बेलिझहून सुटकेला जहाज आलं, तरी सुमारे २५० पैकी १८० च्या आसपास माणसं दगावली.

आणि ब्रिटिश सरकार? ब्लॅक रिव्हरची ती जुनी वसाहत १७८७ मध्ये ब्रिटिशांनी स्वतःच रिकामी केली होती! तिथे काय उरलं, हे त्यांच्याच दप्तरात सापडलं असतं. तरी कर्जरोखे विकले गेले, जहाजं सुटली. पुढे हाच खेळ त्याने फ्रान्समध्ये मांडला; १८२६ मध्ये पॅरिसच्या न्यायालयाने मॅकग्रेगरला निर्दोष सोडलं, शिक्षा साथीदाराला. १८२७ मध्ये तो लंडनला परत ८,००,००० पौंडांचे रोखे काढून बसला. परतलेल्या काही अभाग्यांनी तर सह्यानिशी त्याचीच बाजू घेतली होती. १८४५ मध्ये तो कराकसला वारला. दफन लष्करी इतमामात झालं.